चित्रपटांतील स्त्री-योद्ध्यांची द्वंद्वदृश्ये

चित्रपटात स्त्री-पात्राने केलेली, आधी रचलेली आणि तालमीत घोटवलेली हातघाईची लढत म्हणजे स्त्री-योद्ध्याचे द्वंद्वदृश्य होय. हाँगकाँगचे तलवारपट, जपान, थायलंड व व्हिएतनाममधील मारधाडपट, हॉलिवूडचे हेरपट आणि मुंबईतील स्टंटपट अशा निरनिराळ्या परंपरांत या दृश्यप्रकाराची वाढ झाली. १९९० च्या दशकानंतर मिश्र मार्शल आर्ट्स हा क्रीडाप्रकार लोकप्रिय झाला आणि त्याचे डावपेच पडद्यावर आले. त्यामुळे या दृश्यांची रचना, चित्रण व संकलन यांत मोठा बदल झाला.

पडद्यावर दिसणारे शरीर नेमके कोणाचे, हा या दृश्यप्रकाराच्या इतिहासातला मूळ प्रश्न आहे. अभिनेत्रीला स्वतः कितपत लढता येते यावर कॅमेरा किती दूर ठेवायचा, दृश्य किती ठिकाणी कापायचे आणि कोणता डाव निवडायचा हे ठरते. जिला लढता येत नाही तिच्या जागी दुसरी कोणीतरी पडते, आपटते, जखमी होते. त्या दुसऱ्या व्यक्तीचे नाव बहुतेक प्रेक्षकांना ठाऊक नसते.

संज्ञा व स्वरूप

मिश्र मार्शल आर्ट्समध्ये ठोसे व लाथा, उभ्याने धरलेली पकड, फेक आणि जमिनीवरची कुस्ती या सर्वांना मुभा असते. मुष्टियुद्ध, थायलंडचे मुए थाई, जपानचे ज्यूदो, ब्राझिलियन जुजुत्सू व कुस्ती ही त्याची मुख्य अंगे होत. महाराष्ट्रातील तालमींत मुरलेल्या वाचकाला यातील बराच भाग ओळखीचा वाटेल. प्रतिस्पर्ध्याचा हात धरून त्याला पाठीवरून पुढे आपटण्याचा ज्यूदोतील डाव आणि आपल्याकडची धोबीपछाड यांत बरेच साम्य आहे. मराठीत 'तालीम' या एकाच शब्दाने कुस्तीचा आखाडाही सांगितला जातो आणि नाटकाची पूर्वतयारीही. या लेखाच्या विषयात दोन्ही अर्थ एकाच वेळी लागू पडतात.

रचलेल्या लढतीत निकाल आधीच ठरलेला असतो. प्रत्येक ठोसा, चुकवणी, पाऊल आणि पडणे नृत्याप्रमाणे मोजून बसवलेले असते. हे काम करणाऱ्याला हाँगकाँगमध्ये युद्धदृश्य-दिग्दर्शक म्हणून स्वतंत्र मान आहे. भारतीय चित्रसृष्टीच्या बोलीत त्याला 'फाइट मास्टर' म्हणतात, तर कलाकाराच्या जागी धोका पत्करणाऱ्या व्यक्तीला 'डुप्लिकेट'. या लेखात अशा व्यक्तीसाठी 'बदली कलाकार' हा शब्द वापरला आहे.

पूर्वपीठिका

चिनी संगीतनाटकात स्त्री-योद्ध्याची स्वतंत्र भूमिका फार पूर्वीपासून आहे. भाले फिरवणे, कोलांट्या मारणे आणि तालवाद्यांच्या ठोक्यावर थबकून पवित्रा धरणे ही तिची वैशिष्ट्ये होत. हाँगकाँगच्या चित्रपटांनी ही परंपरा उचलली. दिग्दर्शक किंग हू यांच्या 'कम ड्रिंक विथ मी' (१९६६) या शॉ ब्रदर्सच्या चित्रपटात चेंग पेई-पेई यांनी 'सोनेरी पाकोळी' हे टोपणनाव असलेली योद्धी साकारली. पुरुषवेषात ती एका खानावळीत बसली आहे, दरोडेखोर तिची परीक्षा पाहत आहेत आणि ती जागची फारशी न हलता त्यांना उत्तर देते, हा प्रसंग आजही अभ्यासला जातो. चेंग यांचे शिक्षण बॅलेचे होते, युद्धकलेचे नव्हे. तरीही दृश्य पटते, कारण किंग हू यांनी लढतीची लय ठोशांच्या जोरावर न बांधता थांबणे आणि झेपावणे यांच्या अंतरावर बांधली. नर्तकीचे शरीर योद्धीचे म्हणून कसे वापरावे याचा तो पहिला मोठा धडा होता.

पुढील दशकात हातापायांच्या लढतींना महत्त्व आले. तैवानमध्ये संगीतनाटकाच्या शाळेत शिकलेल्या अँजेला माओ यांनी 'हापकिडो' (१९७२) या चित्रपटात त्याच नावाची कोरियन युद्धकला वापरली. 'एंटर द ड्रॅगन' (१९७३) मध्ये त्या ब्रूस ली यांच्या बहिणीच्या छोट्या भूमिकेत होत्या. याच चित्रपटाच्या सुरुवातीला ब्रूस ली व सामो हुंग हातांत छोटे मोजे घालून लढतात आणि लढत जमिनीवरच्या पकडीने संपते. मिश्र मार्शल आर्ट्सची पडद्यावरील पूर्वखूण म्हणून त्या दृश्याचा नेहमी उल्लेख होतो. कारा हुई यांना 'माय यंग आंटी' (१९८१) या लाउ कार-लेउंग दिग्दर्शित चित्रपटासाठी पहिल्याच हाँगकाँग चित्रपट पुरस्कार सोहळ्यात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. युद्धपटातील कामाला अभिनयाचा पुरस्कार मिळणे तेव्हा अपवादात्मक होते, आणि फारसे बदललेले नाही.

ब्रिटनमध्ये 'द अव्हेंजर्स' या दूरचित्रवाणी मालिकेत १९६२ पासून ऑनर ब्लॅकमन यांनी ज्यूदो जाणणारी नायिका उभी केली. झटापटीत साधे कपडे फाटत, म्हणून तिच्यासाठी चामडी पेहराव आला असे सांगितले जाते. पुढे तो पेहराव पाश्चात्त्य पडद्यावरील लढवय्या स्त्रीचा जणू गणवेशच झाला आणि त्यामागची ही व्यवहारी गरज विस्मरणात गेली.

१९८५ मध्ये कोरी युएन दिग्दर्शित 'येस, मॅडम' या हाँगकाँगच्या चित्रपटात दोन अगदी भिन्न शरीरे शेजारी उभी राहिली. मलेशियातील इपोह येथे १९६२ साली जन्मलेल्या मिशेल यो यांनी बॅलेचे शिक्षण घेतले होते. त्यांच्यासोबतच्या अमेरिकन सिंथिया रॉथरॉक मार्शल आर्ट्समधील कवायत व शस्त्रप्रदर्शन स्पर्धांतील जगज्जेत्या होत्या. एकीला दृश्य शिकवावे लागले. दुसरीला लढाई येत होती, पण कॅमेऱ्यासाठी ती कशी दाखवायची हे शिकावे लागले. युद्धपटात नर्तकी घ्यावी की खेळाडू, हा वाद तेव्हापासून चालू आहे. यो यांनी 'पोलीस स्टोरी ३' (१९९२) मध्ये मोटारसायकलवरून धावत्या आगगाडीच्या छतावर स्वतः उडी घेतली. 'क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन' (२०००) मधील त्यांची व झांग झीयी यांची अंगणातील शस्त्रलढत युएन वो-पिंग यांनी बसवली होती. त्यात एकीच्या हाती एकच अप्रतिम तलवार आहे आणि दुसरी एकामागून एक शस्त्रे बदलते. कोण श्रेष्ठ हा प्रश्न शस्त्राचा की कौशल्याचा, हे सारे लढतीतूनच मांडले जाते.

जमिनीवरची लढत

या सर्व परंपरांत लढत प्रामुख्याने उभ्याने होते. लाथ उंच, शरीर ताठ, चेहरा दिसता. १२ नोव्हेंबर १९९३ रोजी अमेरिकेतील डेन्व्हर येथे झालेल्या पहिल्या अल्टिमेट फायटिंग चॅम्पियनशिप स्पर्धेने खऱ्या लढतीविषयीची ही कल्पनाच बदलली. ब्राझीलच्या रॉयस ग्रेसी यांनी एका रात्रीत आपल्यापेक्षा वजनदार असे तीन प्रतिस्पर्धी जुजुत्सूच्या पकडींनी हरवले. चित्रपटसृष्टीला ही विद्या त्याआधी थोडी ठाऊक होती. 'लीथल वेपन' (१९८७) च्या शेवटच्या झुंजीसाठी रोरियन ग्रेसी यांचे मार्गदर्शन घेतले होते आणि ती झुंज पायांनी केलेल्या गळपकडीवर संपते. पण ती पकड काय आहे हे तेव्हा फार थोड्या प्रेक्षकांना समजले असेल.

स्त्री-पात्रांच्या दृष्टीने या बदलाला विशेष अर्थ होता. पन्नास किलो वजनाची नायिका ठोशाने शंभर किलोच्या माणसाला भिंतीवर फेकते हे प्रेक्षक चित्रपटाचा संकेत म्हणून स्वीकारतो, विश्वास ठेवत नाही. पकडीचे गणित वेगळे असते. तथाकथित त्रिकोणी गळपकडीत लढणारी व्यक्ती पाठीवर पडलेली असते. ती आपल्या दोन्ही पायांचा त्रिकोण करून त्यात प्रतिस्पर्ध्याची मान व एक हात अडकवते. मानेच्या एका बाजूला तिची मांडी आणि दुसऱ्या बाजूला त्याचाच खांदा येतो. दोन्हींच्या दाबाने मेंदूकडे जाणाऱ्या रक्तवाहिन्या आवळल्या जातात आणि काही सेकंदांत शुद्ध हरपू शकते. हाताच्या कुलुपातही दोन पाय, कंबर व पाठ यांचे एकत्रित बळ समोरच्याच्या एका कोपरावर येते. स्त्री-पुरुषांच्या ताकदीतील तफावत हातांच्या मानाने पायांत कमी असते, हेही येथे उपयोगी पडते. याचा अर्थ वजनाला किंमत नाही असा नव्हे. या खेळात वजनगट आहेतच, आणि ते उगाच नाहीत. पण दुर्बल बाजूने जिंकण्याची एक पटण्याजोगी रीत कथाकारांना मिळाली.

एक अडचण मात्र कायम राहिली. जमिनीवरची कुस्ती जाणकाराला रोमहर्षक वाटते, अजाण प्रेक्षकाला ती दोन माणसांची गुंतवळ दिसते. कॅमेरा जवळ नेला तर कोणाचा हात कोणता हे कळत नाही. दूर ठेवला तर चेहरे दिसत नाहीत. यावर अनेकांनी सोपा मार्ग काढला, तो म्हणजे मूळ पकड बाजूला ठेवून तिच्यातील डौल तेवढा घेणे. धावत येऊन प्रतिस्पर्ध्याच्या मानेभोवती पाय टाकायचे, गरकन फिरायचे आणि त्याला आपटायचे हा मेक्सिकन कुस्तीतील डाव 'आयर्न मॅन २' (२०१०) मध्ये ब्लॅक विडो या पात्रासाठी वापरला गेला. स्कार्लेट जोहान्सन यांच्या बदली कलाकार हायडी मनीमेकर मूळच्या जिम्नॅस्ट होत्या. हा डाव नंतर इतक्या चित्रपटांत आला की स्त्री-पात्र लढणार म्हणजे ती गळ्यात पाय टाकणार हे ठरूनच गेले. खऱ्या लढतीत तो क्वचितच साधतो, कारण समोरच्याने सोबत उडी मारल्याखेरीज तो नीट होत नाही.

हेवायर

दिग्दर्शक स्टीव्हन सोडरबर्ग यांचा 'हेवायर' हा चित्रपट या विषयातील सर्वांत स्वच्छ प्रयोग मानता येईल. नोव्हेंबर २०११ मध्ये महोत्सवात आणि जानेवारी २०१२ मध्ये अमेरिकेत तो प्रदर्शित झाला. त्याची नायिका जीना कॅरानो या अभिनेत्री नव्हत्या, व्यावसायिक लढवय्या होत्या. १५ ऑगस्ट २००९ रोजी सान होझे येथे त्यांची क्रिस 'सायबोर्ग' यांच्याशी लढत झाली. मिश्र मार्शल आर्ट्सच्या मोठ्या कार्यक्रमात स्त्रियांची लढत मुख्य असण्याची ती पहिली वेळ होती. पहिली फेरी संपायला एक सेकंद उरला असताना कॅरानो हरल्या. सोडरबर्ग यांनी त्यांना दूरचित्रवाणीवर लढताना पाहिले होते. त्यांच्याभोवती चित्रपट रचावा हे त्यांनी ठरवले आणि लेम डॉब्स यांच्याकडून पटकथा लिहून घेतली.

कथा साधी आहे. खासगी कंपनीसाठी गुप्त कामगिऱ्या करणाऱ्या मॅलरी केनला तिचेच लोक संपवू पाहतात आणि ती एकेकाचा हिशेब चुकता करते. चॅनिंग टेटम, मायकेल फासबेंडर, इवान मॅकग्रेगर, अँटोनियो बांडेरास व मायकेल डग्लस अशी मोठी नावे तिच्यासमोर आहेत. खरा विषय मात्र या लढती कशा दाखवायच्या हाच आहे. सोडरबर्ग यांनी छायाचित्रण व संकलन टोपणनावांनी स्वतःच केले. लढत सुरू होताच पार्श्वसंगीत थांबते. कॅमेरा मागे सरकतो, दोघांचे पूर्ण शरीर चौकटीत राहते आणि दृश्य कमीत कमी ठिकाणी कापले जाते. त्या काळात मारधाडपटांत हलता कॅमेरा आणि क्षणाक्षणाला होणारे छेद यांची चलती होती. त्या पद्धतीने कोणालाही लढवय्या बनवता येते, पण प्रेक्षकाला नेमके काय झाले ते कळत नाही. येथे ते लपवण्याची गरजच नव्हती.

डब्लिनच्या हॉटेलातील खोलीत फासबेंडर यांच्याशी होणारी लढत चित्रपटाचा कळस आहे. दोघे संध्याकाळच्या पार्टीच्या पोशाखात परततात. दार उघडताच तो मागून वार करतो. त्यानंतर भिंत, आरसा, दूरचित्रवाणी संच, पलंग असे करत खोली मोडत जाते. ऐकू येतात ते श्वास, लाकूड आणि काच. शेवटी कॅरानो त्याची मान पायांत पकडतात आणि पकड आवळत नेतात. ही पकड येथे शोभेची नाही. ती लागते, वेळ घेते आणि तो वेळ दिग्दर्शकाने दिला आहे. मॅकग्रेगर यांनी नंतर मुलाखतीत सांगितले की चित्रीकरणात चुकून त्यांचा ठोसा कॅरानो यांच्या डोक्याला लागला, आणि त्यांना लागले का असे उलट कॅरानो यांनीच विचारले.

या प्रयोगाची दुसरी बाजूही नोंदवण्याजोगी आहे. शरीर पूर्णपणे नायिकेचे होते, पण तिच्या आवाजावर मात्र नंतर संस्करण करण्यात आले. सामान्यतः चेहरा व आवाज तारकेचा आणि शरीर बदली कलाकाराचे असते. येथे उलट झाले. समीक्षकांनी चित्रपटाचे स्वागत केले, सर्वसामान्य प्रेक्षकांचा प्रतिसाद मात्र थंड होता. नेहमीच्या ठेक्यातल्या मारधाडीची सवय झालेल्यांना संगीताविना लढती कोरड्या वाटल्या असाव्यात. तरीही व्यावसायिक लढवय्या स्त्रियांसाठी दार उघडले. कॅरानो यांनी 'फास्ट अँड फ्युरिअस ६' (२०१३) मध्ये लंडनच्या भुयारी रेल्वेस्थानकात मिशेल रॉड्रिगेझ यांच्याशी झुंज दिली. त्याच मालिकेच्या पुढील भागात रॉड्रिगेझ यांच्यासमोर ज्यूदोतील ऑलिंपिक कांस्यपदक विजेत्या व अल्टिमेट फायटिंग चॅम्पियनशिपच्या पहिल्या स्त्री विजेत्या रोंडा राउसी होत्या. हॅली बेरी यांनी 'ब्रूझ्ड' या स्वतः दिग्दर्शित केलेल्या चित्रपटात उतारवयाला लागलेल्या लढवय्या स्त्रीची भूमिका केली. त्यात त्यांच्यासमोर व्हॅलेंटिना शेवचेन्को ही खरी विजेती उभी होती. चित्रीकरणात बेरी यांच्या बरगड्या मोडल्या.

थकवा दाखवण्याची रीत

डेव्हिड लीच दिग्दर्शित 'अ‍ॅटॉमिक ब्लाँड' (२०१७) ने याच प्रश्नाचे वेगळे उत्तर दिले. लीच स्वतः बदली कलाकार व युद्धदृश्य-रचनाकार होते. चॅड स्टहेल्स्की यांच्यासह त्यांनी ८७इलेव्हन ही संस्था उभारली, आणि अभिनेत्यांनाच महिनोन्‌महिने ज्यूदो, जुजुत्सू शिकवून लांब चित्रणखंडांत लढवायचे ही तिची पद्धत होती. १९८९ च्या बर्लिनमध्ये घडणाऱ्या या हेरपटात शार्लीझ थेरॉन एका इमारतीच्या जिन्यात अनेक जणांशी लढतात. हा प्रसंग अखंड, न कापलेला भासतो. प्रत्यक्षात तो अनेक तुकड्यांचा आहे. कॅमेरा झटकन वळतो किंवा कोणी चौकटीसमोरून जाते त्या क्षणी सांधा लपवलेला असतो.

सांधे लपवण्याचे कौशल्य मोठे आहे, पण प्रसंग लक्षात राहतो तो थकव्यामुळे. काही मिनिटांनी दोन्ही बाजूंना उभे राहणे जमेनासे होते. ठोसे चुकतात, जिन्याचा कठडा धरावा लागतो. नायिका हाताला येईल ती वस्तू वापरते, कारण समोरचे तिच्याहून जड आहेत आणि नुसत्या मुठीने काम होत नाही हे रचनेतच मान्य केलेले आहे. तयारीच्या काळात थेरॉन यांचे दोन दात तडकले. पुढे 'द ओल्ड गार्ड' (२०२०) मध्ये त्यांची व किकी लेन यांची विमानातील लढत आहे. तेथे दोघीही स्त्रिया असल्याने वजनाचा प्रश्नच बाजूला राहतो आणि लढतीतून दोन स्वभाव दिसतात.

आशियात याच सुमारास वेगळ्या वाटा निघाल्या. थायलंडच्या 'चॉकलेट' (२००८) मध्ये तायक्वांदो शिकलेल्या जीजा यानिन यांनी काम केले. त्याची युद्धदृश्ये पन्ना रित्तिक्राय यांनी रचली. चित्रपट संपल्यावर नामावलीसोबत चित्रीकरणातल्या खऱ्या दुखापतींची दृश्ये दाखवली आहेत. ती अभिमानाने दाखवली आहेत, आणि नेमके तेच पाहणाऱ्याला अस्वस्थ करते. व्हिएतनामच्या 'फ्युरी' (२०१९) मध्ये व्हेरोनिका न्गो यांनी मुलीचा माग काढणारी आई साकारली.

रचनेची पद्धत

ठोसा व फेक यांत मूलभूत फरक आहे. ठोसा चेहऱ्यापासून थोडा दूर जातो. ती फट दिसू नये अशा कोनात कॅमेरा ठेवतात आणि खाणारा मानेला झटका देतो. आवाज नंतर भरला जातो. फेकीत असे खोटे अंतर ठेवता येत नाही. शरीर उचलले जाते आणि जमिनीवर येतेच. म्हणून मिश्र मार्शल आर्ट्सच्या शैलीत पडणाऱ्याचे कौशल्य फेकणाऱ्याइतकेच महत्त्वाचे ठरते. नायिकेने एखाद्याला डोक्यावरून टाकले असे दिसते तेव्हा त्या माणसाने योग्य क्षणी स्वतः उसळी घेतलेली असते. प्रेक्षक टाळ्या वाजवतो ते दोघांच्या कामाला, नाव मात्र एकीचेच होते.

प्रथम युद्धदृश्य-दिग्दर्शकाचे पथक रिकाम्या जागेत, फर्निचरऐवजी पुठ्ठ्याची खोकी मांडून संपूर्ण लढत साध्या कॅमेऱ्याने चित्रित करते. दिग्दर्शकाने ती मान्य केली की कलाकार तिचे तुकडे पाठ करतात, आधी संथ गतीने आणि मग वेगाने. पकड व गळपकडीत दाब दिला जात नाही. ठरलेल्या जागी थोपटले की पकड तत्काळ सोडायची, हा ज्यूदोच्या चटईवरचा संकेत सेटवरही पाळतात. कॅमेऱ्यासमोर फुटणाऱ्या काचा राळेच्या असतात, टेबले हलक्या लाकडाची. जमीन मात्र जमीनच असते.

भारतीय चित्रपट

भारतात या दृश्यप्रकाराची सुरुवात मुंबईत, आणि जगाच्या मानाने फार लवकर झाली. ऑस्ट्रेलियातील पर्थ येथे जन्मलेल्या मेरी इव्हान्स या 'फिअरलेस नादिया' म्हणून ओळखल्या जातात. होमी वाडिया दिग्दर्शित 'हंटरवाली' (१९३५) पासून त्यांनी स्टंटपटांचे एक युगच चालवले. नृत्य व सर्कशीचा अनुभव असलेल्या नादिया चाबूक चालवीत, घोडदौड करीत आणि पुरुषांना उचलून फेकीत. 'मिस फ्रंटियर मेल' (१९३६) मध्ये त्या धावत्या आगगाडीच्या टपावर लढतात. साहसदृश्ये त्या स्वतः करीत. परळ येथील ज्या जागेत वाडिया मूव्हीटोनचा स्टुडिओ होता तेथेच १९४२ मध्ये व्ही. शांताराम यांनी राजकमल कलामंदिर सुरू केले. मराठी रसिकांच्या स्मरणात ती वास्तू शांतारामांची म्हणून आहे, नादियाची म्हणून नव्हे.

नादियानंतर हिंदी चित्रपटात लढणारी नायिका अधूनमधून दिसली, पण लढत बहुधा दुसरीच कोणी करीत असे. 'शोले' (१९७५) मध्ये हेमा मालिनी यांच्या जागी टांग्याच्या पाठलागाची दृश्ये मुंबईच्या रेश्मा पठाण यांनी केली. भारतीय चित्रसृष्टीतील पहिल्या स्त्री बदली कलाकारांत त्यांची गणना होते. त्यांच्या जीवनावर 'द शोले गर्ल' (२०१९) हा चित्रपट निघाला. तोवर शोले प्रदर्शित होऊन चार दशके लोटली होती.

अलीकडच्या काळात हातघाईची वास्तव शैली हिंदीत आली ती मुख्यतः क्राव मागा या इस्रायली आत्मरक्षण पद्धतीच्या रूपाने. 'मर्दानी' (२०१४) मध्ये राणी मुखर्जी यांनी मुंबई पोलीस दलातील शिवानी शिवाजी रॉय ही अधिकारी साकारली. चित्रपटाच्या शेवटी ती पिस्तुल बाजूला ठेवून गुन्हेगाराशी हातांनी लढते. 'बेबी' (२०१५) मध्ये तापसी पन्नू यांची भूमिका छोटी होती, पण काठमांडूच्या हॉटेलातील खोलीत त्यांनी एकटीने केलेली झुंज इतकी गाजली की त्या पात्रावर 'नाम शबाना' (२०१७) हा स्वतंत्र चित्रपट काढण्यात आला. बंद खोली, एक स्त्री, एक पुरुष आणि हाताला येईल ती वस्तू ही मांडणी 'हेवायर'ची आठवण करून देते.

बदली कलाकार, दुखापती व श्रेय

स्त्री बदली कलाकारांना पुरुषांपेक्षा एक अडचण जास्त असते, ती कपड्यांची. पुरुष-पात्राच्या कोटाखाली किंवा पाटलोणीत गुडघ्या-कोपरांच्या गाद्या सहज लपतात. स्त्री-पात्राला झगा, उघडे बाहू व उंच टाचा दिल्या की गादीला जागाच उरत नाही. तीच फेक, तीच फरशी, पण मध्ये काही नाही. शिवाय अमेरिकेत पुरुषाला केसांचा टोप घालून स्त्रीच्या जागी उभे करण्याची प्रथा दीर्घकाळ होती. स्त्रियांना काम व अनुभव दोन्ही मिळू नयेत अशीच ती व्यवस्था होती.

न्यूझीलंडच्या झोई बेल यांनी आधी 'झीना' मालिकेत लूसी लॉलेस यांच्या व नंतर 'किल बिल' मध्ये उमा थर्मन यांच्या जागी काम केले. 'किल बिल' च्या चित्रीकरणात त्यांच्या मनगटाला गंभीर दुखापत झाली. क्वेंटिन टॅरंटिनो यांनी पुढे 'डेथ प्रूफ' (२००७) मध्ये त्यांना त्यांच्याच नावाने भूमिका दिली. बदली कलाकाराचा चेहरा कॅमेऱ्याला दिसण्याची ती दुर्मीळ वेळ. खुद्द थर्मन यांना याच चित्रपटाच्या वेळी मोटार चालवण्याच्या दृश्यात अपघात झाला. त्याचे चित्रण त्यांनी २०१८ मध्ये जाहीर केले. मिशेल यो यांना अ‍ॅन हुई यांच्या 'द स्टंट वुमन' (१९९६) च्या चित्रीकरणात पुलावरून उडी घेताना मोठी इजा झाली. त्या चित्रपटाचा विषयच स्त्री बदली कलाकाराचे जीवन हा होता. 'रेसिडेंट ईव्हिल' मालिकेच्या शेवटच्या भागासाठी २०१५ मध्ये दक्षिण आफ्रिकेत चित्रीकरण चालू असताना मिला योवोविच यांच्या बदली कलाकाराने मोटारसायकलच्या दृश्यात डावा हात गमावला.

यो यांना 'एव्हरीथिंग एव्हरीव्हेअर ऑल अ‍ॅट वन्स' साठी २०२३ मध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा ऑस्कर मिळाला. या विभागात तो मिळवणाऱ्या त्या पहिल्या आशियाई होत. साहसदृश्यांच्या रचनेसाठी मात्र ऑस्करमध्ये तोवर स्वतंत्र पुरस्कार नव्हता. अकादमीने एप्रिल २०२५ मध्ये तो जाहीर केला असून २०२७ साली प्रदर्शित होणाऱ्या चित्रपटांपासून, म्हणजे २०२८ मधील शंभराव्या सोहळ्यात, तो प्रथम दिला जाईल.

टीका

या दृश्यप्रकारावरील आक्षेप परस्परविरोधी दिशांनी येतात. काहींच्या मते हलक्या बांध्याच्या नायिकेने धिप्पाड पुरुषांना लोळवणे अवास्तव आहे. हाच निकष पन्नाशी उलटलेल्या नायकाने वीस जणांना लोळवण्यास क्वचितच लावला जातो, ही गोष्ट येथे लक्षात घ्यावी लागते. दुसरा आक्षेप स्त्रीवादी अभ्यासकांचा आहे. कॅमेरा लढतीपेक्षा शरीराच्या वळणांकडे पाहतो, पवित्रा लढण्यासाठी न धरता छायाचित्रासाठी धरला जातो, असे त्यांचे म्हणणे आहे. ही टीका चित्रपटांनीही ऐकली आहे. 'ब्लॅक विडो' (२०२१) मध्ये धाकटी बहीण येलेना थोरलीच्या उडी मारून केस झटकत बसण्याच्या प्रसिद्ध पवित्र्याची यथेच्छ चेष्टा करते, आणि नंतर स्वतःच तसे करून पाहते तेव्हा तिला शिसारी येते.

तिसरा आक्षेप हिंसेचा आहे. 'हेवायर'सारख्या चित्रपटात पुरुष स्त्रीला पूर्ण ताकदीने मारताना दिसतो. समान लढत दाखवायची तर हे अटळ आहे, असे एक मत. घरगुती हिंसाचाराशी परिचित प्रेक्षकाला ते दृश्य समान लढत म्हणून दिसेलच असे नाही, हे दुसरे. डब्लिनच्या हॉटेलातील तो पहिला वार अचानक आणि मागून होतो. तेथे काही प्रेक्षक दचकतात, तर काहींना तो रचनेतील सर्वांत प्रामाणिक क्षण वाटतो.